दाजी अनवाणी कुणाच्या विरोधात?

माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान, म्हणजे आमचे दाजी, शेतकऱ्यांचे पुढारी झाले ते देवळाबाहेर त्यांची चप्पल चोरीला गेली म्हणून. कुचेष्टेनं म्हणत नाही, मी तिथंच होतो. मुरगूडजवळ त्यांच्या गावात ऊसदरासाठी सभा होती. सभेआधी नारळ फोडायला देवळात गेले, बाहेर येतात तर चप्पल गायब. वेळ झालेली, म्हणून तसेच स्टेजवर चढले. पुढं बसलेल्या एका म्हाताऱ्यानं विचारलं, पायताण कुठाय? दाजी जरा गडबडले. मग माइकला तोंड लावून म्हणाले, "उसाला दर मिळंपतोर पायात काय घालणार न्हाय."

टाळ्यांनी मांडव दणाणला. मीही वाजवल्या. इतक्या चटकन मला काही सुचलं नसतं.

दुसऱ्या दिवशी मी कोल्हापुरातनं नवी जोडी घेऊन गेलो, तर त्यांनी तिला हातसुद्धा लावला नाही. रात्रीतून त्यांचा स्वतःच्या शब्दावर विश्वास बसला होता.

त्या हंगामात दाजी डांबरी रस्त्यावर बसले, ट्रॅक्टर अडवले, पोलिसांच्या लाठ्या खाल्ल्या. हे मात्र खरं, त्याला मी हसणार नाही. अक्का त्यांच्या पाठीला हळद लावत होती तेव्हा मला तिथं बघवलं नाही. पण पेपरात फोटो आला तो पायांचा. पुढं फ्लेक्सवर ते भेगाळलेले पाय तोंडापेक्षा मोठे दिसायला लागले. गावोगावच्या बाया दाजींच्या पायांवर पाणी घालून ओवाळायच्या. अक्का तेवढी उंबऱ्यात फडकं टाकून ठेवायची. शेतकऱ्यांचे कैवारी असाल तर बाहेर, घरातली फरशी मी पुसते, असं तिचं म्हणणं.

कारखान्यांनी दर कबूल केला आणि त्या वाऱ्यावर दाजी आमदार झाले. गुलाल धुऊन बसले होते, तेव्हा मी म्हटलं, "दाजी, दर मिळाला. आता घाला की."

त्यांनी माझ्याकडं कीव आल्यासारखं बघितलं. "पावणं, चप्पल घातली तर माझ्यात आन् तुमच्यात फरक काय ऱ्हायला?"

तेव्हापासून अनवाणी राहणं हा त्यांचा विचार झाला. गाडीत पायाखाली मऊ गालिचा आला. कारखान्याच्या ज्या चेअरमनच्या नावानं ते स्टेजवरनं बोटं मोडायचे, त्याच्याच घरी जेवणावळी सुरू झाल्या. शत्रूच्या गोटात शिरल्याशिवाय आतली माहिती कळत नाही, असं आम्हाला समजावलं गेलं. दाजी इतके आत शिरले की चेअरमन म्हातारे होऊन बाजूला झाले आणि त्या खुर्चीवर हेच बसले.

मग एका हंगामात दर अडला. आम्ही कारखान्याच्या गेटवर जमलो. मीही होतो, कारण नात्यानं माझा ऊस काही जास्त गोड होत नव्हता. दाजी बाहेर आले, हात जोडले, आणि सवयीनं एक पाऊल जरा पुढं ठेवलं, सगळ्यांना दिसेल असं. गर्दीतली एक म्हातारी, जिनं कधीकाळी त्या पायांवर पाणी घातलं होतं, ती शांतपणे म्हणाली, "दर न्हाय म्हणून तुम्ही अनवाणी. दर देणारं बी आता तुम्हीच. मग हे रुसणं कुणावर हाय?"

कुणी हसलं नाही. दाजींनी पाऊल मागं घेतलं. मग राज्याचं धोरण, केंद्राचं धोरण, परदेशातले साखरेचे भाव असं बरंच बोलले आणि शेवटी एक समिती जाहीर केली. समितीचे अध्यक्ष तेच. पुढच्या निवडणुकीत ते पुन्हा आले, मागच्यापेक्षा जास्त मतांनी. त्या म्हातारीनं मत कुणाला दिलं, हे विचारायची माझी छाती झाली नाही.

आता त्यांच्या रक्तात साखर निघाली आहे. पायाला जखम झाली तर भरणार नाही, चप्पल घाला, असं डॉक्टरांनी दमच दिला. त्यावर दाजींनी तोड काढली: दारं लावून घरात मऊ बूट घालायचे, आणि बाहेर पडताना काढून ठेवायचे. परवा गेलो तर बूट घालूनच सोप्यात फेऱ्या मारत होते. आतनं अक्काचा आवाज आला, "देवघराकडं यायचं न्हाय त्ये घालून."

दाजी मुकाट्यानं वळले.