चहाचा डाग पडलेली उत्तरपत्रिका

“ही उत्तरपत्रिका माझी नाही. माझ्या उत्तरपत्रिकेवर पर्यवेक्षकांचा चहा सांडला होता,” करुणा गायकवाड म्हणाली. तिच्या वकिलांनी पेन उघडलं. आमचे देवस्थळी साहेब माझ्याकडे बघायला लागले.

सदाशिव पेठेतल्या एका छोट्या कंपनीत मी डेटा विभाग सांभाळायचे. पुण्यात तेव्हा गल्लोगल्ली कॉम्प्युटर कंपन्यांच्या पाट्या लागत होत्या आणि सरकारी नोकरभरतीच्या परीक्षांचे निकाल लावायचं काम आमच्यासारख्यांकडे यायला लागलं होतं. उमेदवारांनी गोल काळे करायचे, ओएमआर मशीनने ते वाचायचे.

करुणा वाघोलीची. उत्तरपत्रिकेची कार्बन कॉपी तिने जपून ठेवली होती. उत्तरतालिकेशी ताडून पाहिलं तर ती निवड यादीत यायला हवी होती. आमच्या निकालात ती नापास. वयोमर्यादेमुळे ही तिची शेवटची संधी होती. म्हणून तिने न्यायाधिकरणात, म्हणजे सरकारी नोकरीचे वाद चालतात तिथे, अर्ज केला. तिला मूळ कागद दाखवा, असा आदेश आम्हाला आला. त्यासाठीच ती वकिलांना घेऊन आमच्या ऑफिसात आली होती.

डाग कुठे गेला ते मला माहीत होतं. ओला किंवा चुरगळलेला कागद मशीन घेत नाही. असे कागद आमच्याकडच्या दोन मुली कोऱ्या फॉर्मवर उतरवायच्या. एकीने प्रश्नाचा क्रमांक आणि उत्तर वाचायचं, दुसरीने गोल भरायचा, मग अदलाबदल करून तपासायचं आणि दोघींनी सही करायची. पंच कार्डांच्या जमान्यापासूनची माझी ही पद्धत. मूळ कागदही मी कधी फेकू दिला नाही. कपाटातून गठ्ठा काढला. तिसऱ्याच कागदावर डाग होता.

मूळ कागद आणि नक्कल आम्ही सगळ्यांसमोर ताडून पाहिली. एकही उत्तर इकडचं तिकडे नव्हतं.

“झालं तर मग,” साहेब म्हणाले. “नक्कल बरोबर आहे, असं लिहून देऊ.”

“माझी कार्बन कॉपीही हेच सांगते, मॅडम,” करुणा शांतपणे म्हणाली. “तीन कागद सारखे. मग मार्क कुठे गेले?”

ती मंडळी गेल्यावर दोन्ही फॉर्म शेजारी ठेवून मी बसले. मूळ फॉर्मवर प्रश्न एक, दोन, तीन असे वरून खाली छापलेले. नकलेच्या फॉर्मवर ते डावीकडून उजवीकडे! पण मशीन छापलेले आकडे वाचत नाही. काळा ठिपका कागदावर कुठे आहे, एवढंच बघतं. मुलींनी दुसरं उत्तर दोन नंबरलाच भरलं होतं. मशीनने ते भलत्याच प्रश्नाचं धरलं. कोरे फॉर्म संपले म्हणून नवा गठ्ठा आणला होता. आकार तोच, वर मथळाही ‘उत्तरपत्रिका’ असाच. फॉर्म निघाले दुसऱ्या परीक्षेचे, आणि तो गठ्ठा सोडून मुलींना दिला होता मी.

साहेबांना सांगितलं. त्यांनी चष्मा पुसून परत लावला.

“बाई, हे न्यायाधिकरणाने विचारलंय का?”

“नाही.”

“मग आपण कशाला सांगायचं? नक्कल जुळते, हे खोटं आहे का?”

“खरं आहे. पण त्या खऱ्यापायी तिची नोकरी हुकेल. गठ्ठा मी सोडलाय, साहेब. प्रतिज्ञापत्रही मीच करते.”

“करा. आणि दुसरी नोकरीही बघून ठेवा.”

मुंबईला सुनावणीत मी दोन्ही फॉर्म समोर ठेवले. चूक कुठे झाली ते सांगितलं. त्याच गठ्ठ्यातल्या फॉर्मवर आणखी सात जणांची उत्तरं उतरवली होती, तेही न विचारता सांगितलं. आठही जणांचे मूळ कागद पुन्हा तपासायचा आदेश झाला. करुणाची निवड झाली. माझी नोकरीही राहिली. साहेबांनी फक्त महिनाभर माझ्याशी बोलणं टाकलं.

नक्कल जुळली म्हणून निकाल बरोबर ठरत नाही, हे मी शिकले. त्यानंतर नवा गठ्ठा सोडला की पहिला फॉर्म मी स्वतः भरून मशीनमधून काढायचे.

पुढे एका दाखल्यासाठी सरकारी कचेरीत गेले, तर खिडकीत करुणा. मला बघून उठून उभी राहिली, नमस्कार केला. मग खाली बसून माझा अर्ज ओळीओळीने वाचला आणि परत केला.

“मॅडम, दुसऱ्या पानावर सही राहिलीय. करून परत रांगेत या.”

मी रांगेच्या शेवटी जाऊन उभी राहिले. इतका अभिमान मला मुंबईच्या सुनावणीतही वाटला नव्हता.