आबांचा रस्ता आणि आमच्या माफ्या

कचेरीत निकाली निघालेले कागद रद्दीत जातात, आणि न निघालेल्यांचे किस्से होतात. जुन्नर तालुक्यात मी आयुष्यभर कारकुनी केली, म्हणजे किस्से किती साठले असतील बघा. आज फक्त आबांच्या रस्त्याचे सांगतो.

आबा पिंपरी पेंढारकडचे मेंढपाळ. शेजारच्या बागायतदाराने त्यांच्या वहिवाटीच्या रस्त्यावर दगड रचले. मेंढरं हायवेने वळसा घालू लागली आणि त्यातली चार ट्रकखाली गेली. आबा थेट वरच्या कोर्टात. आमच्या तहसीलदार साहेबांना हुकूम आला : सहा आठवड्यांत रस्ता मोकळा करा.

मी हुकुमावर आवक नंबर घातला आणि तो फायलीला लावला. आमच्याकडे याला अंमलबजावणी म्हणत.

*

पहिल्यांदा निघालो तेव्हा पोलीस मिळाले नाहीत. दुसऱ्यांदा पोलीस आले, जेसीबी आला नाही. तिसऱ्यांदा दोन्ही आले, तर उसात बिबट्या दिसल्याची बातमी. साहेब जीपमधून उतरेनात.

आबा म्हणाले, "उतरा साहेब. येवढी मेंढरं सोडून तो कारकुनाला कशाला धरंल? लई शहाणं जनावर हाय."

साहेब हसले. उतरले मात्र नाहीत.

*

सहा महिन्यांनी कोर्टाच्या अवमानाची नोटीस आली. साहेबांचा चेहरा उतरला. "आता काय करायचं?"

"माफी मागायची," मी म्हणालो.

कॉम्प्युटरवर माफीनामा तयारच असे. फक्त नावाची जागा रिकामी. साहेब बदलत, पश्चात्ताप तोच राही.

कोर्टाने आणखी चार आठवडे दिले. बाहेर आल्यावर आबांनी विचारलं, "साहेब, तुमाला लई दुख झालं आसं कागदात लिवलंय म्हनं. खरं का?"

साहेबांनी माझ्याकडे बोट केलं. "यांना विचारा."

*

चार आठवडे गेले, दगड जागेवरच. आम्ही पुन्हा कोर्टात. या वेळी साहेबांना सारखा त्रास नको म्हणून मी त्यांच्या दोन माफ्यांवर एकदमच सह्या घेतल्या होत्या : एक आजची, एक पुढच्या तारखेची. गडबडीत दोन्ही कोर्टापुढे गेल्या.

न्यायमूर्तींनी पहिली वाचली. दुसरी वाचली. मग शांतपणे म्हणाले, "ही पुढच्या महिन्याची दिसते."

मी छताचे पंखे मोजले.

"ही परत न्या, लागणार नाही. रस्ता उघडल्याचा फोटो येईपर्यंत साहेब इथेच बसतील."

साहेबांनी व्हरांड्यात जाऊन एकच फोन केला. पोलीस अर्ध्या तासात दगडांपाशी हजर, त्यांच्या आधी जेसीबी. बिबट्यानेही हरकत घेतली नाही.

*

दुपारी फोटो आला. मोबाइल साहेबांकडून वकिलांकडे आणि वकिलांकडून न्यायमूर्तींकडे गेला. त्यांनी चष्मा पुसून पुन्हा पाहिलं.

"यात रस्ता कुठे आहे? मला नुसती मेंढरं दिसताहेत."

मागच्या बाकावरून आबा उठले.

"त्यांच्या पायाखाली हाय, साहेब."