मास्तरांचा कान

आमचे ड्रिल मास्तर हुतूतूचा सामना डोळे मिटून पाहत. शिवाशिवी बघायला दुसरा पंच असे. मास्तरांचं काम फक्त ऐकण्याचं. चढाईला गेलेला गडी कितीही लांब असो, त्यानं सूर न सोडता चोरून श्वास घेतला की मास्तरांचा हात वर जाई आणि मैदानभर हाक उठे, "दम तुटला!" त्यावर वाद घालायची पद्धत सोलापुरात नव्हती. बाकीच्या शाळांतली पोरंही त्यांना दममास्तर म्हणत.

मोठ्या लढाईत ते पलटणीबरोबर इराकात बसऱ्याला जाऊन आले होते. येताना खाकी अर्धी विजार आणि पोलादी शिस्त घेऊन आले. बाकी काही आणलेलं दिसलं नाही. आमची शाळा लहान, मैदानात गवतापेक्षा दगड जास्त. मास्तर म्हणत, "पाय समद्यांस्नी देवानं दिलंत. दम ज्यानं त्यानं कमवायचा. आन् दम म्हंजे इमान, गड्या."

हे इमान त्यांनी माझ्यावरच एकदा चालवलं. गावातल्या शाळांच्या सामन्यात शेवटची चढाई माझी होती. दोन गडी मारून परतताना मी एक बारीकसा श्वास चोरला. मास्तर आमच्याच शाळेचे, तेव्हा काणाडोळा करतील असं मला वाटलं. हात वर गेला आणि आम्ही हरलो. हेडमास्तर चिडले, तर हे म्हणाले, "पगार शाळेचा हाय सायेब, कान माझा हाय." मला आठवडाभर त्यांचा राग होता.

सराव गिरणीच्या भोंग्यावर चाले. सकाळचा भोंगा सुरू झाला की एकानं हुतूतू धरायचं आणि भोंगा थांबेपर्यंत सोडायचं नाही. रोज एकाचीच पाळी. भोंग्याच्या त्या रेड्यासारख्या हंबरण्यातूनही मास्तरांना आमचा सूर वेगळा ऐकू येई. आम्ही निम्म्यातच गळपटत असू. भोंग्याला पुरून उरे तो एकटा नरसिंग.

नरसिंग शहराच्या पूर्वभागातल्या तेलुगू विणकराचा मुलगा. घरात माग, मागाला लागूनच अंथरूण. अंगानं काटकुळा, पण दम असा की भोंगा थांबल्यावरही याचं हुतूतू चालूच. मास्तर हसले तर त्याच्याकडे बघूनच हसत. त्या वर्षी आम्ही जिल्ह्यात पहिले आलो आणि पुण्याच्या आंतरशालेय सामन्यांना जायचं ठरलं. तिथं जिंकणाऱ्या शाळेला ढाल मिळे. मास्तर एकदा बोलून गेले, "पुण्याच्या मैदानावर आपल्या पोराचा दम ऐकायचा हाय मला. मग डोळं मिटलं तरी चालतंय."

जायच्या आठ दिवस आधीची सकाळ मला स्वच्छ आठवते. भोंगा सुरू झाला, नरसिंगनं सूर धरला. मध्येच त्याच्या छातीतून भोकातून वारा शिरावा तशी बारीक शिटी आली आणि सूर खंडला. मला ऐकू आलं, म्हणजे मास्तरांना आलंच असणार. आम्ही हात वर जायची वाट पाहिली. मास्तरांनी डोळे उघडले, नरसिंगकडे पाहिलं. "हं," एवढंच म्हणाले आणि सगळ्यांना सुटी देऊन टाकली.

पुण्याच्या गाडीत नरसिंग माझ्या शेजारी होता. खोकून झाल्यावर त्यानं तोंडाचा फडका घाईनं मुठीत दाबला, पण लाल मला दिसलंच. "मागावरचा कापूस घशात जातोय रे," म्हणाला. मग माझं मनगट धरून म्हणाला, "कुणाला सांगू नको. पुढल्या साली मला मागावरच बसायचंय. एवढं एक खेळू दे की." मास्तर समोरच्या बाकावर, खिडकीबाहेर बघत. मी कुणाला सांगितलं नाही. मलाही ती ढाल हवी होती, हे आता लपवून काय करू?

ढाल आम्ही जिंकली. शेवटच्या चढाईत नरसिंगनं तीन गडी मारले, सूर न तोडता परत आला आणि आपल्या रेषेवर तोंडावर पडला. आम्ही त्याला उचलून नाचायला धावलो. उताणा केला तर मातीत रक्त होतं.

श्रावण संपायच्या आत तो क्षयानं गेला. मास्तरांबरोबर मीही त्याच्या घरी गेलो. माग बंद होता. त्याची आई मोडक्या मराठीत म्हणाली, "मास्तर, तुमी त्याला पुणे दाखवलं. लई खूश होता पोरगा." तिनं वाकून मास्तरांच्या पायाला हात लावला. मास्तर मागे सरले ते भिंतीला टेकले.

परतताना वाटेत थांबून ते म्हणाले, "ऐकलं हुतं म्या. त्या सकाळी सपष्ट ऐकलं हुतं. ढालीपायी हात वर गेला न्हाय." माझ्या जिभेवर फडक्याची गोष्ट आली होती. मी ती गिळली.

त्यानंतर ते पंच म्हणून उभे राहिले नाहीत. खेळायला येणाऱ्या प्रत्येक पोराच्या पाठीला आधी कान लावत, शंका आली की घरी पाठवत. पोरं टवाळी करत, शाळा पहिल्याच फेरीत हरे. शेवटी हेडमास्तरांनी त्यांना नारळ दिला. ढाल मात्र कचेरीत भिंतीवरच राहिली.

तीन-चार वर्षांनी मी सोलापूरजवळ वळसंगला, त्यांच्या गावच्या घरी गेलो. मास्तर फार थकले होते. बायकोनं चहा आणून ठेवला. इकडचं तिकडचं बोलून झाल्यावर त्यांनी एकदम विचारलं, "तू त्याच्या शेजारी बसला हुतास न्हवं गाडीत? तुला काय ठावं हुतं का रं?"

एका माणसाचं ओझं मी निम्मं करू शकत होतो. तेवढ्यासाठीच तर गेलो होतो.

"नाही मास्तर," मी म्हणालो.

मास्तरांनी डोळे मिटले. सामन्यात रेषेवर ऐकत उभे राहत तसे बसून राहिले. त्यांचा हात मांडीवर होता. मी त्या हाताकडे पाहत राहिलो. तो वर गेला नाही.

"हं," ते म्हणाले. "च्या घे. निवंल."