बाळासोंचा फेटा

ज्याला मोठ्यानं बोलता येत नाही त्यानं कोल्हापुरात लोकांची लग्नं कशी पार पाडायची, हा घोर पवित्राच्या मनातून जात नव्हता. शिवशरण तिचा एकुलता एक. लहानपणी त्याची बॅट कुणी नेली, तर तो भांडायचा नाही. दुसऱ्या दिवशी त्या पोराच्या घरी जाऊन हळूच परत मागायचा. बी.कॉम. झाल्यावर बँकेच्या परीक्षा सोडून तो लोकांची कार्यं अंगावर घ्यायला लागला. मंगल कार्यालय ठरवायचं, आचारी बघायचा, मांडववाल्याच्या मागं लागायचं आणि शेवटची खुर्ची उचलेपर्यंत थांबायचं. दोन लग्नसराया झाल्या, तरी त्याचा घसा एकदाही बसला नव्हता. तिला त्याचीच काळजी वाटायची.

तिचा थोरला भाऊ भरमाप्पा कबनूरला यंत्रमाग चालवायचा. त्यानं फोनवर स्पष्टच सांगितलं होतं, "पोराला माझ्याकडं धाड. मागाच्या खडखडाटात कुणाचाच आवाज ऐकू येत न्हाय, त्येचं भागंल. पण रविवारी रात्रीपर्यंत कळव, न्हायतर मी दुसरा माणूस ठेवतो."

त्या रविवारी शेजारच्या मुलीचं लग्न होतं आणि काम शिवशरणकडंच होतं. पवित्रा गेली ती जेवायला कमी आणि बघायला जास्त.

अक्षता वेळेवर पडल्या, पंगती उठल्या, जिलेबीही पुरली. कार्यालय मात्र पाचपर्यंतच भाड्यानं घेतलेलं. त्यानंतर दुसऱ्या दिवशीच्या लग्नाची हळद तिथं लागायची होती. पाठवणीची गाडी सजून उभी राहिली आणि नवऱ्या मुलाचे चुलते बाळासो फाटकातच खुर्ची टाकून बसले. शाहूवाडीहून त्यांची जीप उशिरा आली होती. तोवर फेटे संपले होते, फेटेवालाही निघून गेला होता.

"सगळ्या पावण्यांस्नी फेटा. मी काय वाटंवरचा हाय?"

चुलते उठेनात म्हणून नवरा मुलगा गाडीत बसेना. नवरी दोनदा रडून मोकळी झाली. मुलीच्या बापानं हात जोडले, मामा कार्यालयाच्या मॅनेजरवर ओरडला, मॅनेजर शिवशरणवर. तेवढ्यात उद्याच्या लग्नाची भांडी घेऊन टेंपो आला, तो बाळासोंच्या खुर्चीपाशी अडला आणि हॉर्न देत राहिला.

शिवशरणनं आपल्या डोक्यावरचा फेटा काढून बाळासोंपुढं धरला. पवित्रानं डोळे मिटून घेतले.

"उतरलेला फेटा घालतोस व्हय मला?" बाळासो गरजले.

लोक हसले. शिवशरणचे कान लाल झाले. कबनूरला धाडताना कुठली पेटी द्यायची, हेही पवित्राच्या मनात येऊन गेलं.

तो टेंपोकडं गेला. पुढच्या सीटवर उद्याच्या नवरीचा बाप कृष्णात बसला होता. शिवशरण खिडकीशी वाकून काहीतरी बोलला. कृष्णातलाही पहिल्यांदा ऐकू आलं नसावं, कारण त्यानं कान पुढं केला. मग मागच्या गाठोड्यातून घडीही न मोडलेला भगवा फेटा काढून तो तडक बाळासोंसमोर येऊन उभा राहिला.

"पावणं, उद्या माझ्या लेकीचं लगीन हाय. पहिला फेटा कुणाला बांधायचा, यावरनं घरात भांडण पेटलंय. तुम्हालाच बांधतो, म्हंजे मिटलं."

"मी तुमचा कोण?"

"कोणच न्हाय. म्हणून तर."

बाळासोंनी डोकं पुढं केलं. कृष्णातला धड बांधता येईना, तेव्हा शिवशरणनं मागून फेट्याचं लोंबतं टोक, शेमला, धरला.

"उद्या जेवायला या," कृष्णात म्हणाला.

"येतो की. पर उद्याबी फेटा लागंल."

गाडी निघाली. टेंपो आत आला. पवित्रानं लेकाला गाठलं. "त्यांना काय सांगितलंस रे?"

"एक फेटा जास्त ठेवायला पाहिजे होता, माझं चुकलं म्हणालो. तुमच्यातला एक द्या म्हणून मागितला."

"आणि ते घरातलं भांडण?"

"ते त्यांचं त्यांनी काढलं. मला कुठलं सुचतंय, अव्वा," असं म्हणून तो कृष्णातच्या आचाऱ्याला पाण्याचा नळ दाखवायला गेला.

घरी येऊन तिनं देवापुढं दिवा लावला. घोर काही गेला नव्हता. प्रत्येक फाटकात कृष्णातसारखा माणूस थोडाच भेटणार होता? पण ती बॅट दर वेळी घरी परत आली होती, हे तिला इतक्या वर्षांनी आठवलं. कबनूरला भरमाप्पा आण्णा वाट बघत असणार. त्यांना दुसरा माणूस ठेवायला सांगायचं, असं ठरवून तिनं फोन जवळ ओढला.