पोरगी पाहाले आलेल्या आत्याबाई

आज दुपारी घरी जे झालं, ते आपल्या ग्रुपवर लिहून राह्यली.

तुमच्यातल्या बऱ्याच जणीले माहीत आहे, आम्ही बालगृहातून सहा वर्षांची पोरगी दत्तक घेऊन राह्यलो. ती घरी आली, फक्त दत्तकाचा आदेश यायचा आहे.

आज माह्या नवऱ्याची आत्या बोरी अरबहून तिले पाहाले आलती. आत्याबाई दारात दिसल्याबरोबर पोरगी कोणी न सांगता तोंड धुऊन आली अन् भिंतीले टेकून सरळ उभी राह्यली. बालगृहात पाहुणे आले की असंच उभं राहा लागे.

आत्याबाईनं तिची हनुवटी धरून चेहरा उजेडाकडे फिरवला. तोंड उघडाले लावून दात पाह्यले. "चालून दाखव," म्हणे. पोरगी चालली.

मंग तिच्यासमोरच मले म्हणे, "जात कोणती वं हिची? आदेश नाही आला ना अजून? मंग पारखून घे. नाही जमलं तर वापस करता येते."

थू! बाजारात बकरी घेत होती काय ही बाई?

मी तिच्या हातातला चहाचा कप काढून घेतला अन् म्हटलं, "आत्याबाई, निघा."

आता नवरा फुगून बसला आहे. म्हणते, "मोठ्या माणसाले असं बोलतात काय? फोन करून माफी माग."

तेवढ्यात पोरीनं माहा पदर ओढला. "आई, मी त्याहिले पसंत आली काय?"

माफी तर मागाच लागते. पण कोणाची, ते तुम्हीच सांगा माह्या नवऱ्याले.