कच्ची फोड

वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात मावशींना सगळे पाठीमागे 'फौजदार' म्हणत. दूध आलं की त्या आधी वास घेत, डाळ आली की मूठभर उजेडात धरून बघत. सख्ख्या बहिणीने पाठवलेला मधसुद्धा त्या आधी जावयाला चाखायला देत.

त्यांचं आणि स्टोअरकीपरचं विळ्याभोपळ्याचं सख्य. त्यामुळे एका सकाळी तो स्वतः पाटी उचलून हसत आत आला, तेव्हाच मावशींच्या मनात पाल चुकचुकली.

"माझ्या मेहुण्याच्या परसातले लाल भोपळे. घरच्याच बियांचे. आज तोंडीलावण्याला हेच करा."

भोपळा चिरला तर आतून केशरी, घट्ट, दृष्ट लागण्यासारखा. सालासकट फोडी, तेल, लसूण, मीठ, मिरपूड, आणि कडा खरपूस होईपर्यंत भट्टीत, एवढंच काम. पण मावशींनी नेहमीप्रमाणे आधी कच्ची फोड चावली आणि थुंकली. दुसऱ्या भोपळ्याची चावली, तीही थुंकली.

"कडूजहर आहेत. सगळे फेका."

"आपल्या नेहमीच्या भाजीवाल्याशी तुमचं काय साटंलोटं आहे, कळतं मला," स्टोअरकीपर भडकला. "मिरपूड जास्त घाला. कोणाला समजतंय?"

"भाऊ, चाळीस म्हातारी माणसं जेवतात इथे. कडू भोपळा शिजवला तरी बाधतो."

"एक ट्रे भाजा. मी खाऊन दाखवतो."

मावशी नको नको म्हणत होत्या. शेवटी चिडून त्यांनी ट्रे भट्टीत सरकवला. सगळ्यांसमोर त्याने सहा फोडी खाल्ल्या. डोळ्यांत पाणी आलं, तरी म्हणाला, "किंचित कडसर. बस्स."

दुपारी तो पोट धरून जमिनीवर लोळत होता. त्याला दवाखान्यात नेलं. मावशींनी भोपळे खड्ड्यात पुरले, बटाटे उकडले. भाजायलाच नको होतं, हे त्यांना राहून राहून डाचत होतं.

चौथ्या दिवशी तो परतला. गाल बसलेले. ताट पुढ्यात आलं, तसा हळूच म्हणाला, "मावशी, खरं सांगा. त्या ट्रेमध्ये तुम्ही काही घातलं होतं का?"

मावशींच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. पण त्यांनी त्याच्या ताटातला एक घास उचलला आणि त्याच्यासमोर चावून गिळला. मग कुठे तो जेवू लागला.

"भाऊ," मावशींनी विचारलं, "तुमच्या मेहुण्याने स्वतः खाल्ले होते का हो ते भोपळे?"

स्टोअरकीपरचा घास तोंडातच राहिला.