पाटाच्या बाईची पोर

मी शिकले ती माझ्या आईमुळे. गिरजाबाई तिचं नाव. पहिला नवरा पटकीत गेला तेव्हा ती कोवळी पोर होती. मेंढरं राखणाऱ्या आमच्या लोकांत विधवेचा पाट, म्हणजे दुसरं लग्न, लावायची रीत होती. तिचा पाट लागला, मग मी झाले.

राज्य निजामाचं. चुडाव्याजवळच्या आमच्या गावात मात्र देशमुखाचं. त्याच्या घरी लग्न निघालं की आमच्या बायांनी वेठीनं दळायचं. आईनं गव्हाच्या राशी दळल्या. तळहात फोडांनी भरले. मग हळद दळायची वेळ आली. सवाष्णी जात्याभोवती बसल्या. आईही बसली. तिच्या हातावर मी हात ठेवला.

देशमुखीण ओरडली, "अगं, ती पाटाची हाय! तिला हळदीला कुनी बसवलं? पोरबी तिचीच. उठवा दोघींला!"

एकीनं माझं बखोट धरून ओढलं. जात्यातली हळद उकिरड्यावर टाकली. "दुसऱ्यांदा नवरी होऊन हौस फिटली न्हाई वाटतं," कुणीतरी म्हणालं. बाया हसल्या.

आई उठली.

"बाईसाहेब, हळद बाटली म्हन्ता. मग पीठबी फेका. तेबी ह्याच हातानं दळलंय."

पीठ कुणी फेकलं नाही. त्याच्या पुऱ्या गावानं खाल्ल्या.

आई पुन्हा वेठीला गेली नाही. देशमुखानं आमची मेंढरं गायरानातून हाकलली. तिनं मला सेलूला मामाकडं धाडलं. मामा कापसाच्या जिनिंग कारखान्यात हमाल. शाळा तिथं, पुढं हैदराबाद. बी.ए. झाले. वाटलं, सुटले.

मग जिंतूरकडचं स्थळ आलं. आमच्याच जातीचं. हाती जमीन आली, तसा वरच्या जातींचं बघून त्यांनी पाट बंद केलेला. मुलाचे वडील मामाला म्हणाले, "पोरगी लय पसंद हाय. फकत विधीला तिची आई पुढं नगं. तिची चुलती बसंल. लोक काय म्हन्तील?"

मी आतून ऐकत होते. मी बाहेर आले.

"मग नवरीबी चुलतीच्याच घरची बघा."

त्याच दिवशी आईला पत्र टाकलं:

"आई, गावातले मास्तर हे वाचून दाखवतील तेव्हा मान खाली घालू नकोस. स्थळ मी मोडलं. मामा रागावलाय. तुझ्याकडं येईल, पोरीला माफी मागायला सांग म्हणेल. सांगू नकोस. सांगितलंस तरी मी मागणार नाही. इथं सेलूत मुलींच्या शाळेत मी नोकरी धरली आहे. तुला मागं उभं करणारं लग्न मी करणार नाही. जन्मभर बिनलग्नाची राहीन."